लढाई कोणाची, कर्ज कोणाच्या नावावर: आनंदवल्ली ते नाशिकरोड

(दृश्य: गोदावरीचा काठ, आनंदवल्ली. सकाळची वर्दळ.)

गंगापूर रोडने नाशिकच्या बाहेर निघालं की आनंदवल्ली लागते. गावाचं जुनं नाव चौंधस. रघुनाथराव पेशव्यांनी इथे वाडा बांधला आणि गावाचं नाव बदललं. हेच ते अटकेपार झेंडे लावणारे राघोबादादा. शाळेतला धडा झेंड्यापाशी संपतो. हिशेबाची वही त्याच्या पुढे सुरू होते.

एप्रिल १७५८ मध्ये मराठी फौज लाहोरात शिरली. पंजाबात कायमचं ठाणं घालून बसायला ना माणसं होती ना पैसा. म्हणून सुभा पंजाबातल्याच अदिना बेग या मोगल सरदाराच्या हवाली केला, सालिना ७५ लाख रुपये देण्याच्या बोलीवर. सप्टेंबरात अदिना बेग वारला आणि ७५ लाख कागदावरच राहिले. राघोबादादा दक्षिणेत परतले ते कर्ज घेऊन. इतिहासग्रंथांत हा आकडा सुमारे ८० लाख येतो. सदाशिवरावभाऊंशी त्यावरून वाजलं, आणि पुढच्या वेळी उत्तरेची मोहीम भाऊंकडे गेली. तीच पानिपतची.

(दृश्य: मोडी कागद, जमाखर्चाच्या ओळी.)

जिंकलेल्या मोहिमेत ८० लाख अंगावर कसे येतात? लढाईत खर्च आधी असतो, वसूल मागाहून. शिलेदार स्वतःचा घोडा घेऊन येतो, पण घराबाहेर पडण्याआधी त्याच्या हातावर नालबंदीची, म्हणजे घोडा-सरंजाम सज्ज करण्यासाठीची, उचल ठेवावी लागते. बारगिराचा घोडा सरकारी, म्हणजे त्याचा दाणावैरणीचा खर्चही सरकारचाच. दसऱ्याला फौज निघते, तर मुलखाचा वसूल हप्त्याहप्त्याने वर्षभर येत राहतो. मधली फट सावकार भरतो. मामलतदाराकडूनही वसुलाआधी उचल घेतली जाई, तिला रसद म्हणत. तिच्यावर त्याला महिना शेकडा एक-दीड रुपया व्याज मिळे. वर्षाचे झाले बारा ते अठरा टक्के.

त्यावर किरकोळ वाटणारे खर्च. पुण्याचा पैसा उत्तरेत पोचवायचा तर हुंडी, म्हणजे परगावच्या पेढीवर पैसे देण्याची सावकाराची चिठ्ठी, आणि हुंडीवर हुंडणावळ, म्हणजे त्याचं कमिशन. नाणी तरी कुठे एकसारखी? आपल्या चांदवडच्या टाकसाळीचा चांदवडी रुपया वेगळा, पुण्याकडचा अंकुशी वेगळा. एकाचा दुसरा करायचा तर बट्टा, म्हणजे बदलातली घट. मोठ्या रकमेत हे कातरण डोळ्यांत भरण्याइतकं होतं.

खरा पेच मात्र फौज मोडताना पडतो. शिपायाचा पगार थकलेला असतो. तो चुकता केल्याशिवाय माणूस घरी जात नाही, सरदाराच्या दारात धरणं धरून बसतो, त्याचं जेवणखाण अडवतो. थकबाकी द्यायला पैसा हवा, पैशासाठी नवी मुलूखगिरी, म्हणजे परमुलखात वसुलीची स्वारी, हवी, आणि मुलूखगिरीला तीच फौज पुन्हा हवी. म्हणजे कर्ज फेडायला मोहीम काढायची आणि मोहिमेसाठी कर्ज काढायचं. थोरल्या बाजीरावांनी आपले गुरू ब्रह्मेंद्रस्वामींना लिहिलं होतं की सावकारांच्या आणि शिलेदारांच्या पाया पडून पडून कपाळाची कातडी झिजली. रणांगणावर हार न पाहिलेला माणूस हे लिहितो आहे. थोरल्या माधवरावांनी १७७२ मध्ये शेवटच्या आजारात जी यादी करून ठेवली, तिच्यातही आपलं कर्ज फेडलं जावं हे कलम आहे.

राघोबादादांनी मात्र कर्जाची वेगळीच वाट धरली. पेशवाई मिळवण्यासाठी त्यांनी इंग्रजांची फौज भाड्याने घेतली. ६ मार्च १७७५ चा सुरतेचा तह वाचला तर तो लष्करी मदतीपेक्षा गहाणखत वाटतो. कंपनी अडीच हजार माणसं देणार, त्यांचा खर्च दरमहा दीड लाख रुपये. रोकड नव्हती, म्हणून सहा लाखांचं जवाहीर तारण. वर मुंबईलगतची साष्टी आणि वसई कायमची तोडून. पुढच्याच वर्षी कलकत्त्याच्या वरिष्ठांनी हा तह बाजूला सारून पुणे दरबाराशी पुरंदरचा तह केला. त्यात कंपनीच्या लढाई-खर्चापोटी बारा लाख रुपये कोणी द्यायचे ठरले? पुणे दरबाराने. सही दादांची, बोजा दौलतीवर.

(दृश्य: लंडन, बँक ऑफ इंग्लंडची जुनी चित्रं.)

त्याच शतकात इंग्लंडही कर्ज काढूनच लढत होतं, आणि रकमा आपल्यापेक्षा मोठ्या होत्या. फरक व्यवहाराच्या बांधणीत होता. १६९४ मध्ये फ्रान्सशी लढायला पैसा हवा होता, तेव्हा सावकारांच्या एका मंडळीने सरकारला १२ लाख पौंड आठ टक्क्यांनी दिले आणि बदल्यात बँक चालवण्याची सनद घेतली. ती बँक ऑफ इंग्लंड. व्याजासाठी ठराविक कर पार्लमेंटने कायद्याने बांधून दिले. राजा मेला तरी व्याज चालू. शिवाय धनकोला पैसे हवे झाले तर तो आपला कागद बाजारात विकून मोकळा. सरकारच्या दारात बसायचं कारणच उरलं नाही. अठराव्या शतकाच्या मध्यापर्यंत इंग्लंडचं सरकार तीन टक्क्यांच्या आसपास कर्ज उचलत होतं. इकडे बारा, तिकडे तीन. ब्रिटिशांच्या कवायती फौजेबद्दल पुष्कळ लिहिलं जातं. आमच्या मते त्या फौजेचा पगार वेळेवर का होत होता, हा जास्त कामाचा प्रश्न आहे.

(दृश्य: नाशिकरोड. प्रेसची भिंत, रेल्वे साईडिंग.)

आता येऊ नाशिकरोडला. पहिल्या महायुद्धात चांदी आटली आणि १९१७ मध्ये सरकारला एक रुपयाची कागदी नोट काढावी लागली, तीही इंग्लंडात छापून. नोटा, तिकिटं, सरकारी रोखे इथेच छापावेत असं ठरलं आणि १९२० च्या दशकात रेल्वेमार्गालगत इंडिया सिक्युरिटी प्रेस उभा राहिला. १९२८ मध्ये शेजारी करन्सी नोट प्रेस सुरू झाला. १९७० च्या दशकात देवासचा छापखाना येईपर्यंत देशात नोटा छापणारं दुसरं ठिकाण नव्हतं. म्हणून दुसऱ्या महायुद्धाच्या कर्जाचा भारतातला हिस्सा अक्षरशः या भिंतीच्या आत छापला गेला.

तो कसा, ते एका बिलावरून पाहू. समजा, देवळाली कॅम्पातल्या गोऱ्या पलटणींसाठी कंत्राटदाराने १,३३३ रुपयांच्या घोंगड्या पुरवल्या. १९३९ च्या संरक्षण-खर्च करारानुसार हिंदुस्थानच्या स्वतःच्या बचावापलीकडचा खर्च ब्रिटनचा. पण कंत्राटदाराला बिल रुपयांत चुकतं होणार, आणि ते देणार दिल्लीचं सरकार. पौंडाचा दर तेव्हा १३ रुपये ५ आणे ४ पै. म्हणजे ब्रिटन लंडनमध्ये रिझर्व्ह बँकेच्या खात्यावर १०० पौंड जमा करणार. हे पौंड हिंदुस्थानात आणता येत नाहीत आणि युद्ध चालू असल्याने त्यांतून माल घेणंही दुरापास्त. मग रिझर्व्ह बँक त्यांचे ब्रिटिश सरकारचेच रोखे घेते, टक्काभर व्याजाचे. तेच रोखे नोटांमागचं तारण म्हणून दाखवते आणि नाशिकरोडला तेवढ्या नोटांची मागणी पाठवते. नोटा कंत्राटदाराच्या हातात, घोंगड्या पलटणीच्या अंगावर, आणि लंडनमध्ये फक्त एक नोंद.

दरबारी भाषेत याला पौंड-शिल्लक म्हणत. रोखठोक सांगायचं तर ती उधारी होती, आणि उधारी देणाऱ्याला कोणी विचारलं नव्हतं.

(दृश्य: १९४० ची एक रुपयाची नोट, अगदी जवळून.)

ही नोट नीट बघा. दर्शनी बाजूला रुपयाच्या नाण्याचं चित्र आहे. लोक चांदीचे रुपये घरात दडवू लागले, म्हणून १९४० मध्ये ही नोट परत आली. कायद्याने ती नोट नव्हेच, रुपयाचं नाणं! म्हणून सही वित्त सचिवाची, रिझर्व्ह बँकेच्या गव्हर्नरची नाही. गंमत इथे आहे: रिझर्व्ह बँकेच्या नोटांमागे जी मालमत्ता ठेवायची, तिच्यात रुपयाची नाणी चालत. म्हणजे नाशिकरोडला छापलेला एक कागद तिथेच छापलेल्या दुसऱ्या कागदाचं तारण होऊ शकत होता.

सप्टेंबर १९३९ मध्ये चलनात सुमारे १८० कोटींच्या नोटा होत्या. युद्ध संपलं तेव्हा १,१०० कोटींच्या वर. माल वाढला नव्हता, उलट बराचसा पलटणींकडे गेला होता. घाऊक भाव सुमारे अडीचपट झाले. ज्याची मजुरी ठरलेली, त्याच्या पगारातून ब्रिटनचं युद्ध कापलं गेलं, पावतीशिवाय. १९४३ च्या बंगालच्या दुष्काळाला कारणं अनेक आहेत, पण तांदूळ डोळ्यांसमोर असून परवडत नाही ही अवस्था यायला या नोटांचा हातभार मोठा होता. तिथे सुमारे तीस लाख माणसं गेली.

चांदीच्या रुपयातली चांदी १९४० मध्ये निम्म्यावर आणली गेली. तरीही टंचाई भागेना, तेव्हा अमेरिकेकडून २२ कोटी ६० लाख औंस, म्हणजे सुमारे सात हजार टन चांदी उसनी घेतली. पैसे चालणार नव्हते, चांदीच परत करायची होती. फाळणीत हे ऋणही भारत आणि पाकिस्तानात वाटलं गेलं. आपला वाटा फेडायला जुने रुपये परत घेऊन वितळवले आणि मिश्रधातूतून चांदी वेगळी काढण्यासाठी कलकत्त्यात अलीपूरला खास कारखाना उभारला. युद्ध १९४५ ला संपलं. त्याची चांदी आपण १९५० च्या दशकात फेडत होतो.

आणि ब्रिटनकडे राहिलेली उधारी? १९४६ च्या सुमारास ती १,७०० कोटी रुपयांच्या घरात होती. त्यात काट मारावी असं म्हणणारे इंग्लंडात बरेच होते. काट मारली नाही, हे खरं. पण ऑगस्ट १९४७ च्या करारात ११६ कोटी पौंडांपैकी लगेच वापरायला मिळाले साडेसहा कोटी. उरलेली रक्कम दुसऱ्या खात्यात कुलूपबंद. १९४८ च्या हिशेबात सुमारे १० कोटी पौंड ब्रिटिशांनी इथेच सोडलेल्या लष्करी सामानापोटी वळते झाले आणि आणखी मोठी रक्कम निवृत्त इंग्रज अधिकाऱ्यांच्या पेन्शनपोटी. देश सोडून जाताना ऋणको स्वतःचं जुनं सामान धनकोलाच विकून गेला. सप्टेंबर १९४९ मध्ये पौंडाचं अवमूल्यन झालं आणि उरलेल्या शिल्लकेची डॉलरमधली किंमत एका रात्रीत तीस टक्क्यांनी घसरली.

(दृश्य: सोन्याची पाटली, शेजारी तराजू.)

स्वतंत्र भारताने लढाईसाठी घराघरातलं सोनं मागितलं ते चीनच्या युद्धात. नोव्हेंबर १९६२ च्या सुवर्णरोख्यांवर व्याज साडेसहा टक्के, मुदत पंधरा वर्षं. आकडा आकर्षक होता, पण दहा ग्रॅमची किंमत धरली ५३ रुपये ५८ पैसे. औंसाला ३५ डॉलर या आंतरराष्ट्रीय दराने हिशेब तेवढाच येतो. सराफाकडे भाव त्याच्या दुप्पट होता. म्हणजे बाजारभावाने धरलं तर व्याज जेमतेम तीन टक्के. पाटली मोडणाऱ्या बाईला हे गणित सरकारपेक्षा लवकर कळलं असणार. देशभरातून सोनं जमलं सव्वासोळा टन. १९६५ च्या राष्ट्रीय संरक्षण सुवर्णरोख्यांत चूक सुधारली: दर दहा ग्रॅमला वर्षाला दोन रुपये व्याज आणि १९८० मध्ये सोन्याच्या बदल्यात सोनंच परत. आलं पावणेचौदा टन. वजन थोडं कमी, पण ज्यांनी दिलं त्यांच्या पदरात सोनं पडलं, आणि तोवर भाव दहा ग्रॅमला हजाराच्या पुढे गेला होता.