मारेकऱ्यांनी काढलेले फोटो आणि घरच्यांनी दिलेली नावं

नमस्कार मंडळी, फोंड्याहून बोलतोय, आणि आज विषय कंबोडियाचा आहे, जरा जड आहे पण शेवटपर्यंत थांबा.

१७ एप्रिल १९७५. ख्मेर रूज या कम्युनिस्ट बंडखोरांची फौज राजधानी नोम पेन्हमधे घुसली आणि अख्खं शहर रिकामं करायला लावलं. पुढच्या पावणेचार वर्षांत अंदाजे १७ लाख माणसं गेली, कुणी उपासमारीनं, कुणी राबून राबून, कितीतरी जणांना मारूनच टाकलं. शिकलेला, शहरातला, आधीच्या सरकारात नोकरी केलेला म्हणजे शत्रू, त्यामुळे घरात एखादा युनिफॉर्ममधला फोटो सापडला तरी जिवावर बेतायचं, मग लोकांनी आपल्याच हातानं फोटो जाळले, जमिनीत पुरले. आपल्याकडे गोव्यात पावसाळ्यात अल्बमला बुरशी धरली, आजीचा एकुलता एक फोटो गेला तरी जीव कळवळतो, आणि इथं स्वतः काडी लावायची!

आणि त्याच शहरात, तुओल स्लेंगला, एका शाळेच्या इमारतीत एस-२१ नावाचा तुरुंग होता, तिथं कैद्यांचे फोटो मात्र रीतसर काढत होते. आणायचं, डोळ्यावरची पट्टी सोडायची, नंबर लावायचा, क्लिक. एका पोराच्या अंगात शर्टच नाही, तर नंबराची पिन सरळ कातडीत टोचलीय. पोरगा कॅमेऱ्याकडे बघतोय.

जानेवारी १९७९ मधे व्हिएतनामी सैन्य आलं, तुरुंगवाले पळाले, निगेटिव्ह तिथंच राहिल्या. १९८० मधे तिथं म्युझियम झालं, १९९३ पासून दोन अमेरिकन फोटोग्राफरनी सुमारे ६,००० निगेटिव्ह साफ करून प्रिंट काढल्या. आणि लोक यायला लागले, कुणी भाऊ शोधतंय, कुणी वडील, कारण घरातले फोटो तर गेलेले, म्हणजे मारणाऱ्यानं काढलेला हाच काय तो शेवटचा चेहरा. कुणी ओळखलं की नंबराला नाव मिळतं. मला विचाराल तर देशाची आठवण अशीच जमते, एकेक नाव करत.

म्हणूनच २०२१ मधे जे झालं त्याचा मला खरंच राग येतो. एका आर्टिस्टनं हे फोटो रंगवले आणि काही चेहऱ्यांवर चक्क हसू चढवलं, व्हाइस नावाच्या न्यूज वेबसाइटनं ते छापले. कंबोडियाच्या सांस्कृतिक मंत्रालयानं कडक आक्षेप घेतला, मग ते काढून टाकले. अहो, फोटोत भीती होती ना, ती पुसायचा हक्क कुणी दिला यांना? घरच्यांना विचारलं होतं का?