चित्र विकत घेणारा राजा

मंडळी, मघाशी माझी ओळख करून देताना ‘कलारसिक’ म्हणाले. बेळगावात रसिकांना कधीच तोटा नव्हता. तोटा आहे तो चित्राचे पैसे मोजणाऱ्यांचा. म्हणून आज मी एका गिऱ्हाइकाबद्दल बोलणार आहे: साताऱ्याकडच्या औंध संस्थानचे राजे भवानराव, म्हणजे बाळासाहेब पंतप्रतिनिधी.

१९०९ साली ते गादीवर आले. संस्थान अवघ्या ७२ गावांचं, तेही विखुरलेलं. गुणदाळचा तुकडा तर आपल्या विजापूरकडे. राजे स्वतः चित्रकार होते, १९१६ साली त्यांचं चित्ररामायण छापून निघालं. आता, जो स्वतः चित्रं काढतो त्याला दुसऱ्याचं चित्र सहसा पसंत पडत नाही (समोरच्या चित्रकारांनी रागावू नये). बाळासाहेबांनी मात्र रविवर्मा, धुरंधर, कोल्हापूरचे बाबूराव पेंटर यांची कामं जमवली, पहाडी लघुचित्रं जमवली. आणि वाड्यात कुलूप लावून ठेवली नाहीत. यमाईच्या डोंगरावर इमारत बांधून १९३८ साली, स्वतः हयात असताना, संग्रहालय उघडलं. देवीला निघालेला शेतकरी वाटेत धुरंधर बघून जाई. इंग्रज शिल्पकार हेन्री मूरचं मायलेकराचं शिल्पही तिथेच आहे.

पण हा माणूस नुसती चित्रं घेत नव्हता, माणसं सांभाळत होता. सातवळेकर सावंतवाडीकडचे, पेशाने चित्रकार. औंधला आले आणि वेदांच्या कामात बुडाले. राजांनी ‘आधी कॅनव्हास पुरा करा’ असं म्हटलं नाही. महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीसाठी, म्हणजे जुनी हस्तलिखितं ताडून पाठ ठरवण्याच्या कामासाठी, पुण्याच्या भांडारकर संस्थेला १९१८ साली त्यांनी लाखाची देणगी कबूल केली. मूळ हौस सचित्र महाभारताची; त्यातून उभं राहिलं पाठभेदांचं प्रचंड काम, ते १९६६ पर्यंत चाललं.

आणि आपले लक्ष्मणराव किर्लोस्कर! गुर्लहोसूरचा हा मुलगा मुंबईला जे. जे. कलाशाळेत चित्रकला शिकायला गेला. डोळ्यांना रंगांतला फरक कळेना, तेव्हा रंग सोडून यंत्रांच्या आकृत्यांकडे वळला. १८८८ साली बेळगावात सायकलचं दुकान, पुढे लोखंडी नांगर. मग नगरपालिकेला नव्या वस्तीसाठी जागा हवी झाली आणि कारखान्याला उठावं लागलं. तेव्हा औंधच्या राजांनी कुंडलजवळ माळरान दिलं, बिनव्याजी दहा हजार दिले. १९१० साली किर्लोस्करवाडी उभी राहिली. आपल्या वाट्याला किर्लोस्कर रोड उरला.

चित्रकारांच्या बाबतीतही फार वेगळं घडलं नाही. के. बी. कुलकर्णी सरांनी याच गावात विद्यार्थी घडवले. रवी परांजपे त्यांचेच, जन्म बेळगावचा, १९३५ चा. कारकीर्द झाली मुंबई, नैरोबी आणि पुण्यात. त्यांची चित्रं आपण कॅलेंडरवर पाहिली, कौतुक केलं, आणि महिना संपला की पान फाडलं.

संस्थानं गेली, त्याचं मला दुःख नाही. पण संस्थानिकाचं काम तरी कुणी करायचं? आपल्याकडे कार्यक्रम काही थोडे होत नाहीत. प्रत्येक पाहुण्याला शाल, श्रीफळ आणि काचेचं मानचिन्ह. ते घरी नेल्यावर कुठे ठेवावं हा प्रश्नच असतो. तेवढ्या पैशात खानापूरच्या किंवा निपाणीच्या एखाद्या पोराचं छोटं जलरंगचित्र येईल. पाहुण्याला तेच द्या, मागे चित्रकाराचं नाव आणि फोन नंबर लिहून. सुरुवात माझ्यापासून झाली तरी चालेल. आजचं मानचिन्ह अजून टेबलावरच आहे, दुकानदार परत घेईल.