सड्यावरचा सरडा

(दृश्य : मे महिन्यातली सकाळ. जांभ्या दगडाचा उघडा सडा, म्हणजे कातळाचं पठार. कॅमेरा एका दगडावर स्थिर.)

या दगडावर एक सरडा बसलाय. दिसला नसेल तर तुमचा दोष नाही, आम्हालाही लगेच दिसला नव्हता. शेपूट सोडली तर माणसाच्या तर्जनीएवढं अंग, रंग मातीचा. नजर हलली की हरवला.

जरा थांबा. ऊन मुरू दे त्याच्या अंगात.

(दृश्य : गळ्याखालचा पंखा उघडतो. पार्श्वसंगीत नको.)

बघितलंत? निळा, त्याला लागून काळा, मग शेंदरी. निळाही साधासुधा नाही, मोराच्या मानेवरचा, ऊन फिरेल तसा झळकणारा. मान ताठ करून तो पंखा उघडतो, मिटतो, उघडतो. चार पावलं टाकतो, दगडाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन पुन्हा तेच. शेजारच्या दगडावरच्या नराला ही दमदाटी आहे आणि खाली गवताच्या बुडख्यात बसलेल्या मादीची मनधरणी. मादीला असा रंगीत पंखा नसतो. ती तपकिरी, पाठीवर नक्षी, आणि आम्ही पाहिली ती तरी भलतीच थंड. नवरदेवाचा एवढा खटाटोप चाललाय आणि ही मुंग्या टिपतेय.

साताऱ्याहून ठोसेघरचा धबधबा मागं टाकला की हे चाळकेवाडीचं पठार लागतं. लोक पावसाळ्यात धबधब्याला येतात, सप्टेंबरात कासला फुलं बघायला जातात. सरड्यांचा हंगाम एप्रिल-मेचा. तेव्हा सड्यावर तापलेला कातळ, वाळलेलं गवत आणि भणाणणारा वारा. गाडी थांबवून खाली उतरावं असं कुणाला वाटत नाही.

मराठीनं सरड्याला तसं कधी चांगलं वागवलं नाही. त्याची धाव कुंपणापर्यंत. पक्ष बदलणारा पुढारी म्हणजे सरडा. पाल तर चुकचुकते ती थेट आपल्या मनात, तीही शंकेची. मात्र 2016 साली 'सरडा' या शब्दाचं नशीब फळफळलं. तोवर गळ्याला पंखा असलेले भारतभरातले बहुतेक सरडे शास्त्राच्या वहीत एकाच नावाखाली मोडत होते, 'सिटाना पॉन्टिसेरियाना'. पाँडिचेरीवरून पडलेलं हे नाव 1829 पासूनचं. व्ही. दीपक, वरद गिरी हे संशोधक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी देशभर फिरून सरडे तपासले, डीएनए ताडून पाहिला, तेव्हा कळलं की एका नावाखाली कितीतरी निरनिराळे जीव कोंबलेत. मोठ्या, झळाळत्या पंख्याच्या सरड्यांचं कूळच वेगळं निघालं. त्या कुळाला त्यांनी नाव दिलं 'सरडा'. आपलाच शब्द, जसाच्या तसा, लॅटिन नावांच्या पंगतीत जाऊन बसला. चाळकेवाडीचा हा गडी म्हणजे 'सरडा सुपर्बा'. त्याचा एक भाऊबंद डार्विनच्या नावाचा आहे आणि एक दख्खनच्या.

(दृश्य : एक धनगर मामा शेळ्या घेऊन जातात. निवेदक विचारतो.)

"मामा, हितं रंगीत गळ्याचे सरडे दिसतात का?"

"दिसत्यात की. पर सरडं घिऊन करणार काय तुमी?"

या प्रश्नाला आमच्याकडे पटकन देण्यासारखं उत्तर नव्हतं.

(दृश्य : रात्र. टॉर्चचा उजेड कातळावर.)

सड्यावर दुसरी पाळी रात्री सुरू होते. घरातली पाल भिंतीवर राहते, इथली जमिनीवर. दिवसभर सुट्या दगडाखाली, रात्री किड्यांमागे. साताऱ्याच्या नावाची एक पाल याच सड्यांवरची, 'हेमिडॅक्टायलस साताराएन्सिस', 2008 साली जगाला कळली. खाली दक्षिणेला आंबोलीत आणखी वेगळ्या. तिथल्या काही पाली दिवसाच फिरतात. त्यांच्या डोळ्याची बाहुली गोल असते, घरच्या पालीसारखी उभी चीर नसते. आंबोलीच्या नावाची तसली एक पाल 2018 मधली. कोकणातल्या वाडीत दगडी गडग्यावर ऊन खात बसलेली चकचकीत सापसुरळी, गोव्याच्या रानात या झाडावरून त्या झाडावर तरंगत जाणारा उडता सरडा, हे सगळं एकाच खानदानातलं. सह्याद्रीत अजून जवळपास दरवर्षी नवी पाल निघते. तिचा मुक्काम कधी एकाच डोंगरापुरता, कधी एकाच पठारापुरता. त्यामुळे एक पठार गेलं, की एखाद्या जिवाचं अख्खं जग गेलं असंही होऊ शकतं.

आता हा दगड बघा. साधा, हाताच्या पंजाएवढा. उचलला की खाली गारवा, दोन विंचू, कधी फुरसं, कधी पाल. कडक उन्हाळ्यात या सावलीवर त्यांचं सारं भागतं. सहलीला आलेल्यांनी हौसेनं दगडावर दगड रचले, कुणी कुंपणासाठी ट्रॉली भरून नेले, की तेवढी घरं उठली. उचललाच दगड, तर होता तसा ठेवा. आमच्यातल्या एकानं उलटा ठेवला होता. त्याला परत पाठवला.

(दृश्य : घोरपड, झाडाच्या ढोलीतून बाहेर येताना.)

घोरपडीशिवाय सरड्यांची गोष्ट मराठीत सांगता येत नाही. तानाजीच्या दोराची कथा आपण सगळे शाळेच्या आधीपासून ऐकत आलोय. आडनावही तिचंच. एवढा मान असून तिच्या वाट्याला काय येतं? मांस, तेल आणि 'हाथाजोडी'. दोन हात जोडल्यासारखी दिसणारी, शेंदूर लावलेली काळपट वस्तू दुर्मिळ मुळी म्हणून विकली जाते. घरात ठेवली की पैसा येतो म्हणे. ऑनलाइनसुद्धा सर्रास मिळायची. 2017 साली तपासण्यांमधून उघड झालं, की ती मुळी नसून नर घोरपडीचं वाळवलेलं जननेंद्रिय आहे. बाजारात प्लास्टिकची नक्कल असते ती वेगळीच. वन्यजीव कायद्यात घोरपड पहिल्या अनुसूचीत आहे, वाघाच्या रांगेत. शिकारीला तीन ते सात वर्षं शिक्षा. ज्यांनी तिजोरीत लक्ष्मी म्हणून ती ठेवलीय, त्यांनी आपण कशाला उदबत्ती दाखवतोय याचा एकदा विचार करावा.

(दृश्य : पुन्हा चाळकेवाडी. कॅमेरा सरड्यावरून हळूहळू वर. पवनचक्कीचं पातं.)

मघापासून मागं एक घरघर ऐकू येतेय, ती या पात्यांची.

आता आमची कबुली. सुरुवातीला तुम्ही पाहिलेला सरडा आम्हाला फार सहज मिळाला. कॅमेरा घेऊन आम्ही सरकत सरकत गेलो आणि तो बसून राहिला. पहिल्याच दिवशी आम्ही खूश. नंतर त्या खुशीची लाज वाटली.

मारिया ठाकर, आमोद झांबरे आणि हर्षल भोसले यांनी याच पठारावर काम केलं. बेंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेचं हे संशोधन 2018 साली प्रसिद्ध झालं. पवनचक्क्या असलेला भाग आणि नसलेला भाग, दोन्हींची तुलना. चक्क्यांच्या बाजूला शिकारी पक्षी जवळपास चौपट कमी निघाले. ते त्या पात्यांजवळ फारसे फिरकत नव्हते. मग सरड्यांची चंगळच. संख्या वाढली. रक्तातलं ताणाचं संप्रेरक उतरलं. माणूस अगदी जवळ आला तरी पळेनात, कारण वरून झडप घालणारं फारसं कुणी उरलं नव्हतं.

ऐकायला हे सुखाचं वाटतं. पण तोंडं वाढली आणि किडे तेवढेच. सरडे हडकले. आणि गळ्यातला रंग फिका पडला.

मी हे वाचलं आणि आमचं चित्रीकरण पुन्हा लावून पाहिलं. ज्या निळ्यावर आम्ही फिदा झालो होतो, तोही कदाचित उतरलेलाच निळा असेल.

पवनचक्क्या उपटून टाका असं आम्ही म्हणत नाही. हे बोलणं ध्वनिमुद्रित होतंय त्या खोलीतला पंखाही कुठल्यातरी चक्कीवर फिरत असेल. राग आहे तो एका शब्दावर : पडीक. केंद्र सरकारच्या पडीक जमिनींच्या नकाशात खडकाळ माळ आणि झुडपी रान हे ओसाड जमिनीचे प्रकार म्हणून मोडतात. झाड नाही, पीक नाही, म्हणजे काही नाही. जंगलात प्रकल्प येतो म्हटलं की निदान फाईल अडते, प्रश्न विचारले जातात. सड्यावर काहीही उभं करा, इथं होतंच काय? चाळकेवाडीच्या या सरड्याचं नाव लिहायलाच 2016 उजाडलं. चक्क्या त्याच्या कितीतरी आधीपासून फिरतायत.

(दृश्य : पठाराची दुसरी बाजू. चक्क्या नाहीत. वाऱ्याचा आवाज.)

शेवटी आम्ही पलीकडे गेलो, जिथं पाती नाहीत. तीन सकाळी बसलो. सरडा दिसायचा तो लांब, आपण उठून उभं राहिलो की गायब. पोटावर सरपटत गेलो, कोपरं सोलली, तरी फ्रेम काही जुळेना. तिसऱ्या दिवशी नऊच्या सुमारास एका दगडावर एक नर आला आणि त्यानं पंखा उघडला. भिंगातून पाहणाऱ्या पोराच्या तोंडून "आयला" एवढंच निघालं.

तेवढ्यात कातळावरून एक सावली सरकली. वर शिक्रा होता.

हे चित्रीकरण आम्ही कापलेलं नाही. अकरा सेकंदांचं आहे. निळा दिसतो तो पहिल्या दोन सेकंदांत. पुढं नुसता दगड आहे.

(दृश्य : दगड.)