ककुद्मी राजाच्या डोळ्यांना काय झालं होतं?

अध्यक्ष महाशय आणि मित्रहो,

पत्रिकेत विषय छापलाय ‘कालप्रवासातून उद्भवणारा दृष्टिविकार : लक्षणे, कारणे व उपचार’. पहिल्या रांगेत दोन नेत्रतज्ज्ञ बसलेत, म्हणून आधीच सांगतो, हा विकार कुठल्याही पुस्तकात सापडणार नाही. तो मी तयार केलाय. जन्मभर दुसऱ्यांचे डोळे तपासले, आता निवृत्तीनंतर एखादा आजार स्वतःच्या मालकीचा असावा, एवढीच हौस. चाळीस मिनिटं दिली होती, त्यातली पंधरा माझ्याच सत्कारात गेली. शालीबद्दल आभार. मे महिन्यात शाल फार उपयोगी पडते.

माझी मूळ तक्रार विज्ञानकथा लिहिणाऱ्यांवर आहे. नायक यंत्रात बसतो, खटका दाबतो, थेट पेशवाईत उतरतो आणि लगेच घोड्यावर! अहो, इथून अमेरिकेला मुलाकडे गेलेला माणूस आठवडाभर रात्री तीन वाजता उठून स्वयंपाकघरात डबे उघडत बसतो. आणि शतकं ओलांडून आलेल्याला साधी घेरीही येत नाही? मी एका दिवाळी अंकाला आजारी कालप्रवाशाची कथा दिली होती. संपादकांचा फोन आला. “डॉक्टर, कथा छानच आहे, पण नायक सगळा वेळ दवाखान्यात का असतो?” म्हटलं, आजारी आहे म्हणून. “हां हां. मग नर्सचं काही जमवता येईल का?” नर्स चौपन्न वर्षांची दाखवली होती मी. तेही सांगितलं. तिकडून बराच वेळ काही आवाजच आला नाही. कथा अजून माझ्याकडेच आहे. कोणाला हवी असेल तर नंतर भेटा.

बरं, या विकाराचा पहिला रुग्ण आपल्याकडचा आहे. पुराणात सगळं विज्ञान होतं असं म्हणायला मी आलेलो नाही. टाळ्या वाजवायला सरसावलेले हात कृपया खाली घ्या. पण गोष्ट चांगली आहे. कुशस्थलीचा राजा ककुद्मी. मुलगी रेवती उपवर झाली. स्थळं बघून ठेवलेली, निर्णय होईना. तेव्हा राजा मुलीला घेऊन थेट ब्रह्मदेवाकडे गेला. तिथे गाणं चालू होतं. विष्णुपुराणात गवयांची नावंही आहेत, हाहा आणि हूहू. राजा सुसंस्कृत, मैफल चालू असताना मध्येच बोलला नाही. (मोबाइल वाजतोय कोणाचा तरी.) गाणं संपल्यावर त्याने यादी पुढे केली. ब्रह्मदेव हसले. म्हणाले, यातलं कोणी उरलेलं नाही. त्यांची मुलं, नातवंडं, पणतवंडंही नाहीत. भागवतात आकडा आहे सत्तावीस चतुर्युगांचा. एक चतुर्युग ४३ लाख २० हजार वर्षांचं. म्हणजे ११ कोटी ६६ लाख ४० हजार वर्षं! एका मैफलीत. सवाई गंधर्वला रात्र रात्र बसलेल्या लोकांना याचा थोडा अंदाज असेल.

राजा खाली आला. कुशस्थलीची द्वारका झालेली. आणि विष्णुपुराण सांगतं की त्याला माणसं उंचीने खुजी, तेजाने कमी आणि बुद्धीने मंद दिसली. यातलं तिसरं लक्षण कालप्रवासाशिवायही, साधारण साठीनंतर, सर्रास आढळतं. पण पहिलं? युगांच्या ओघात माणसं खरोखरच आखूड झाली, असं सगळे समजतात. मी म्हणतो, माणसं होती तेवढीच होती. राजाच्या पाहण्यात बिघाड झाला होता.

वस्तू प्रत्यक्षाहून लहान दिसणं हे खरंखुरं लक्षण आहे. त्याला मायक्रोप्सिया म्हणतात. अर्धशिशीत होतं, तापात मुलांना होतं. “आई लहान झाली” म्हणून रडणारं पोर घेऊन आलेले पालक मी पाहिलेत. भानामती वगैरे काही नसतं ते. १९५५ साली जॉन टॉड या मानसोपचारतज्ज्ञाने अशा रुग्णांचं वर्णन केलं, आणि...

चिठ्ठी आली. दहा मिनिटं. म्हणजे कारणं आणि उपचार दोन्ही दहा मिनिटांत. ठीक.

कारण. डोळ्याच्या पडद्यावरच्या प्रतिमेवरून वस्तू केवढी हे डोळ्याला कळत नाही, अंतराचा हिशेब मेंदू करतो. एमर्ट या नेत्रतज्ज्ञाने १८८१ मध्ये दाखवलं की दिव्याकडे टक लावून मग हाताच्या तळव्याकडे पाहिलं तर डोळ्यांपुढचा डाग लहान दिसतो, लांबच्या भिंतीकडे पाहिलं तर तोच मोठा. प्रतिमा तीच, अंतर वेगळं. ॲट्रोपिनचे, म्हणजे डोळ्याचे स्नायू सैल करणारे, थेंब घातलेल्या रुग्णाला जवळचं पाहायला जादा जोर लावावा लागतो. मेंदूला वाटतं वस्तू फारच जवळ आहे, म्हणून अक्षरं बारीक दिसतात. थोडक्यात, आहे त्याहून जवळ समजलं की लहान दिसतं. आता इथून पुढे माझी कल्पना. राजाच्या मेंदूच्या लेखी तो आत्ताच घरातून निघाला होता. अकरा कोटी वर्षं लांबची माणसं त्याने ‘मघाचीच’ म्हणून धरली. काळातलं अंतर शून्य धरलं, आणि माणसं आखडली. ककुद्मी-विकार तो हाच.

खरा कालप्रवासी म्हणाल तर सर्गेई क्रिकालेव्ह. १८ मे १९९१ ला सोव्हिएत संघातून अंतराळात गेला, २५ मार्च १९९२ ला उतरला तेव्हा तो देश नव्हता आणि त्याच्या लेनिनग्राडचं नाव सेंट पीटर्सबर्ग झालं होतं. सगळ्या मोहिमा मिळून त्याचे ८०३ दिवस भरले. वेगामुळे तो काळात आपल्यापेक्षा सुमारे ०.०२ सेकंद पुढे गेला. एवढ्याने माणसं लहान दिसत नाहीत. डोस कमी पडला.

उपचार, पटकन. स्ट्रॅटन या मानसशास्त्रज्ञाने १८९७ मध्ये जग उलटं दाखवणारी भिंगं आठ दिवस वापरली. हालचाल करत, वस्तू हाताळत राहिला, तसा हळूहळू सरावला. डोळा हाताकडून शिकतो. म्हणून आमच्या रुग्णाला गर्दीत ठेवायचं, लोकांच्या खांद्यावर हात ठेवायला लावायचा, बाजारात पाठवायचं, अंधाऱ्या खोलीत अजिबात नाही. रेवती बलरामाशी लग्न करून त्या माणसांतच राहिली. बलरामाने नांगराच्या टोकाने तिची उंची कमी केली म्हणतात. मी त्याला स्पर्शोपचार म्हणतो, नांगर जरा जास्तच झाला. राजाने मात्र डामा घेतला, म्हणजे डॉक्टरांचा सल्ला न मानता दवाखाना सोडला, आणि हिमालयात तपाला गेला. जिथे मोजायला शेजारी माणूसच नाही तिथे विकार बरा कसा व्हायचा?

कार्यवाह उठलेत. रेवतीही त्याच मैफलीत होती, मग तिला तो विकार का झाला नाही, हा प्रश्न तिसऱ्या रांगेतल्या ताईंच्या चेहऱ्यावर मला मघापासून दिसतोय. विचारा, ताई. माइक तिकडे द्या.