दुपारची मालिका कानांनी बघतात

नमस्कार मंडळी. आत्ता तुमच्यापैकी कितीतरी जणींच्या हातात मेथीची जुडी असेल नाहीतर कपड्यांच्या घड्या चालू असतील, आणि बाजूला रेडिओ. म्हणूनच हा विषय मला रेडिओवरच बोलायचा होता. मी इतकी वर्षं दुपारच्या मालिका केल्या, आधी असिस्टंट म्हणून, मग दिग्दर्शन, नंतर प्रॉडक्शन पण, आणि माझं पक्कं मत झालंय की दुपारची मालिका लोक डोळ्यांनी कमी आणि कानांनी जास्त बघतात.

हे मला कुठल्या कोर्समध्ये नाही कळलं, पंचवटीतल्या आमच्या घरात कळलं. सह्याद्रीवर 'दामिनी' लागायची, प्रतीक्षा लोणकरची, तेव्हा आई ओट्यापाशी, टीव्हीकडे पाठ, आणि म्हणायची आवाज मोठा कर गं. सगळी गोष्ट तिला पाठ. वळून बघायची कधी, तर कोणीतरी बोलता बोलता एकदम गप्प झालं की.

आणि मुळात हा प्रकार जन्मला पण रेडिओवरच. १९३० साली शिकागोत इर्ना फिलिप्स या बाईंनी रेडिओसाठी रोजची कौटुंबिक गोष्ट लिहायला घेतली, पुढे साबणाच्या कंपन्या अशा कार्यक्रमांना पैसे द्यायला लागल्या कारण दुपारी ऐकणाऱ्या घरातल्या बायका, म्हणून नाव पडलं सोप ऑपेरा. त्यांचीच 'गायडिंग लाइट' १९३७ ला रेडिओवर सुरू झाली, १९५२ ला टीव्हीवर आली आणि थेट २००९ पर्यंत चालली. पण मला सगळ्यात जास्त आदर आहे तो ग्लोरिया माँटींचा. दिग्दर्शन करून करून निर्मात्या झालेल्या बाई. १९७८ मध्ये 'जनरल हॉस्पिटल' ही अमेरिकेतली दुपारची मालिका बंद पडायच्या बेतात होती, तेव्हा ती त्यांच्या हातात आली, त्यांनी सीन छोटे केले, वेग वाढवला, आणि १९८१ मध्ये त्यातलं ल्यूक आणि लॉराचं लग्न तीन कोटींच्या आसपास लोकांनी बघितलं, ते पण भर दुपारी!

आपल्याकडे काम कसं चालतं सांगते. बारा तासांची शिफ्ट, त्यात वीसएक मिनिटांचं फुटेज निघालंच पाहिजे, कारण एपिसोडची बँक, म्हणजे आधीच शूट करून ठेवलेले एपिसोड, संपली की उद्याचं टेलिकास्ट आजच्या शूटवर येतं. सीन कधीकधी सेटवरच हातात पडतो, शाई ओली म्हणतात तसा. एकदा आईचं काम करणाऱ्या ताई तापाने फणफणल्या, उभं राहवेना, आणि एपिसोड दुसऱ्याच दिवशी. मग मी तो सीन बंद दाराबाहेर घेतला, लेक बाहेर उभी, आतून फक्त आईचा आवाज, तो ताईंनी घरी पडल्या पडल्या फोनवर रेकॉर्ड करून पाठवला. नंतर रविवार कारंज्यावर एका मावशींनी मला थांबवून तोच सीन शब्द न् शब्द म्हणून दाखवला. डोळे भरून आले माझे.

प्रॉडक्शनचं एकच बोलते. आपल्या लाइनमध्ये पैसे नव्वद नव्वद दिवसांनी मिळतात, एका निर्मात्याने तर आमच्या स्पॉटदादांचे, म्हणजे सेटवर चहापाण्यापासून पडेल ते काम करणाऱ्यांचे, पैसे दिवाळीला पण थकवले होते, ते मी विसरू शकत नाही. स्वतः निर्माती झाले तेव्हा ठरवलं, रोजंदारीवाल्यांचे पैसे आधी, माझे शेवटी, आणि ते पाळलं.

तुम्ही विचारता ना, मालिकेत सारखं "अहो वहिनी", "ऐक ना सुमन" असं नाव घेऊन का बोलतात? अहो, ओट्यापाशी पाठ करून उभ्या असलेल्या बाईला कळायला नको का कोण कोणाशी बोलतंय? एडिट झालं की मी मॉनिटरकडे पाठ करते आणि अख्खा एपिसोड एकदा नुसता ऐकते. जिथे माणूस ओळखू येत नाही तिथे एक हाक घालायला लावते, डबिंगला परत बोलवावं लागलं तरी.