मोनाल: हिमालयातली आपली भावकी

श्रोतेहो, नमस्कार.

आज बोलायचंय मोनालबद्दल. मोनाल हा हिमालयात उंचावर राहणारा, कोंबडीच्या कुळातला पक्षी. पुन्हा सांगतो, कोंबडीच्या कुळातला. आपला मोर, आटपाडीच्या माळावरचा तितर, चांदोलीच्या जंगलात पहाटे बांग देणारा रानकोंबडा, ही सगळी त्याची भावकी. महाराष्ट्रातलं सगळ्यात उंच शिखर कळसूबाई, ते १६४६ मीटर. मोनाल राहतो साधारण २००० पासून ४५०० मीटरपर्यंत. म्हणजे कळसूबाईचा माथा जिथं संपतो, त्याच्याही वर याचं घर सुरू होतं. उन्हाळ्यात झाडांची हद्द ओलांडून वरच्या गवताळ उतारावर, थंडीत बर्फ वाढलं की खाली जंगलात.

माझी आणि त्याची भेट झाली ती गलाईवाल्यांमुळे, म्हणजे सोनं-चांदी गाळून शुद्ध करणाऱ्यांमुळे. देशातल्या कुठल्याही सराफ पेठेत जा, खानापूर-आटपाडीकडचा गलाईवाला भेटतोच. आमचे दाजी असेच कुलूला स्थायिक झालेले. जूनच्या सुरुवातीला आम्ही त्यांच्याकडं गेलो, तेव्हा दाजींच्या आई, आमच्या आक्का, तिथंच होत्या. सारा जन्म विट्याजवळच्या वस्तीवर कोंबड्या पाळण्यात गेलेला. पहाटे अंधारातच जीप काढून आम्ही जलोडी खिंडीत पोचलो. तीन हजार मीटरच्या वर. थंडी अशी की आक्कांनी दोन शाली एकावर एक घेतलेल्या.

खिंडीतून थोडं चाललो आणि उतारावर एक तपकिरी पक्षीण दिसली. गळा पांढरा, डोळ्याभोवती निळी कातडी. मी दुर्बीण लावणार तेवढ्यात आक्कांनी माझा हात धरला. म्हणाल्या, "हालू नगासा. पिल्ली हायती तिच्यासंगं." मला एकही पिल्लू दिसेना. आक्का म्हणाल्या, "तिचा आवाज ऐका की. घार आली की आपली कोंबडी अशीच दबक्या आवाजात बोलती, आन् पिल्ली जागच्या जागी दबत्यात." आम्ही सगळे खाली बसलो. बराच वेळ गेला. मग गवतातून एक, दोन, तीन पिल्लं बाहेर आली आणि तिच्या पायाशी घोळायला लागली. पक्ष्यांवरची कितीतरी पुस्तकं मी वाचलीत, पण हे आक्कांना जेवढं पटकन कळलं तेवढं मला कळलं नसतं. हल्ली वस्तीवरसुद्धा गावरान कोंबडी राहिली नाही, अंडी ट्रेमधून येतात. कोंबडीबरोबर हे ज्ञानही घरातून चाललंय, याचं मला फार वाईट वाटतं.

तर पुढं ऐका. पलीकडच्या कड्याच्या सावलीत एक काळा पक्षी माती उकरत होता. काळाच वाटला, कावळ्यापेक्षा मोठा. तेवढ्यात ऊन कड्यावरून खाली उतरलं आणि त्यानं मान वळवली. डोकं हिरवंगार, मानेच्या मागं तांबूस सोनेरी झळाळी, पाठ जांभळी-निळी, शेपूट दालचिनी रंगाची. डोक्यावर मोरासारखा तुरा, बारीक काड्यांच्या टोकाला चपटी पिसं. तो मोनालचा नर. आक्का मात्र त्याचे रंग बघतच नव्हत्या. त्यांचं लक्ष चोचीकडं. म्हणाल्या, "आपली कोंबडी पायानं उकरती. ह्यो चोचीनंच खणतोय की!" खरंच तसं होतं. मातीची ढेकळं उडत होती, चोच डोळ्यांपर्यंत मातीत जात होती. पुढं कुणीतरी मोठ्यानं हाक मारली, तशी त्यानं लांब शीळ घातली आणि पाठीवरचा पांढरा पट्टा दाखवत दरीत झेप घेतली.

आक्कांनी जे पाहिलं तेच मोनालचं वैशिष्ट्य. वरची चोच लांब, वाकडी आणि खालच्या चोचीच्या पुढं आलेली. तिनं तो बर्फ आणि कडक माती खणतो, आणि कंद, मुळं, किडे काढून खातो. चोचीनं खणतो, हे लक्षात ठेवा. रंगाचं म्हणाल तर पिसाच्या आतल्या सूक्ष्म थरांवर प्रकाश परावर्तित होऊन ती झळाळी येते, म्हणूनच सावलीत तो काळा दिसतो. जमिनीवरच्या साध्या खळग्यात तीन ते पाच अंडी असतात, आणि ती जवळजवळ चार आठवडे एकटी मादी उबवते.

मोनाल उत्तराखंडचा राज्यपक्षी आणि नेपाळचा राष्ट्रीय पक्षी. नेपाळात त्याला डांफे म्हणतात. हिमाचलचाही राज्यपक्षी तोच होता. २००७ मध्ये तो मान जुजुराणाला मिळाला, आणि जुजुराणाही याच कुळातला. हिमाचलात पुरुषांच्या टोपीत मोनालचा तुरा खोवायची जुनी रीत. त्या तुऱ्यापायी असंख्य नर मारले गेले. १९८२ मध्ये हिमाचलनं शिकारीवर बंदी घातली.

तेव्हा सुट्टीत कुलूकडं गेलात आणि बाजारात टोपी घेतलीत, तर बिनतुऱ्याचीच घ्या. मोराच्या गळून पडलेल्या पिसाला आपल्या वन्यजीव कायद्यात सूट आहे, मोनालच्या तुऱ्याला नाही. आणि पक्षी बघायचाच असेल तर पहाटे निघा, मोबाइलवरची गाणी बंद ठेवा, आणि घरात कोंबड्या पाळलेलं कुणी वडीलधारं असेल तर त्यांना अवश्य बरोबर न्या.

नमस्कार.