तीस वर्षं आणि नव्वद दिवस

मंडळी, नाशिकच्या जुन्या सीबीएस बसस्थानकाजवळच्या आपल्या जिल्हा न्यायालयात माझी निम्मी वकिली भूसंपादनात गेली. धरण, कालवा, रस्ता, कशासाठी ना कशासाठी जमीन जायची आणि वाढीव मोबदल्यासाठी माणसं माझ्या टेबलाशी यायची. सरकारच्या अपिलांना होणारा उशीर माफ करावा का, हे बोलण्याआधी त्यातल्या सिन्नर तालुक्यातल्या एका तात्यांची गोष्ट सांगतो.

तात्यांचा निकाल लागला, मोबदला वाढला, पेढे वाटून झाले. १८९४च्या जुन्या भूसंपादन कायद्याखालच्या असल्या निकालावर उच्च न्यायालयात अपील करायला मुदत ९० दिवसांची. नक्कल मिळायला लागलेले दिवस त्यातून वजा. तेही गेले, वर्ष उलटलं, आम्ही दरखास्त, म्हणजे निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावली. जप्तीपर्यंत गाडी आली आणि मुंबईहून नोटीस! सरकारचं अपील, सोबत विलंब माफीचा अर्ज. उशीर ४०० दिवसांच्या वर.

त्या अर्जाचं प्रतिज्ञापत्र मी इतक्यांदा वाचलंय की पाठ आहे. ‘निकालाची प्रत कार्यालयास प्राप्त. सरकारी वकिलांचे अभिप्राय मागविले. प्रस्ताव मंत्रालयात सादर. त्रुटींच्या पूर्ततेसाठी परत.’ मग साडेपाच महिने कोरे, तिथं फक्त ‘प्रशासकीय कारणास्तव’. पाचव्या परिच्छेदात तर तात्यांच्या गावाऐवजी निफाडकडच्या गावाचं नाव. जुनाच अर्ज काढून तारखा बदललेल्या!

तरी उशीर माफ झाला. तात्यांना थोडी कॉस्ट, म्हणजे खर्चापोटी रक्कम, मिळाली, तेवढ्यात मुंबईच्या दोन खेपाही भागल्या नाहीत.

आता कायदा. १९६३च्या मुदत कायद्याचं कलम ५ म्हणतं, पुरेसं कारण दाखवा, न्यायालय उशीर माफ करू शकेल. १९८७ साली अनंतनागच्या भूसंपादनाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं त्यात उदारपणा आणला. दर दिवसाच्या हिशेबाचा अट्टहास नको. सरकारी यंत्रणेत कुणाची स्वतःची आच नसते, टिपणं लिहीत फाइल पुढं सरकवायची रीत असते, हे ध्यानात घ्या. बोलणं शहाण्यासारखंच होतं. पण तिथं उशीर किती होता? ४ दिवस. त्या ४ दिवसांच्या फटीतून पुढं हत्ती गेले.

२०१२ला टपाल खात्याचे ४२७ दिवस न्यायालयानं नाकारले. मुदत सरकारलाही बांधते, असं स्पष्ट सांगितलं. २०२०त मध्य प्रदेश सरकार ६६३ दिवस उशिरा आलं. तिथं न्यायालयानं या अपिलांना ‘प्रमाणपत्र प्रकरणं’ म्हटलं. म्हणजे काय, तर अपील फेटाळलं जाणार हे खात्याला ठाऊकच असतं. वरून शिक्का मिळाला की फाइल बंद करायला मोकळे! २५ हजारांची कॉस्ट लावली आणि ती जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करा म्हणाले. मला त्यातलं ‘अधिकाऱ्यांकडून’ फार आवडलं. पण २०२३ला भूसंपादनातलेच ४७९ दिवस माफ राहिले, आणि २०२५ला कर्नाटकच्या गृहनिर्माण मंडळाचे ३,९६६ दिवस, जे उच्च न्यायालयानं माफ केले होते, ते सर्वोच्च न्यायालयानं नाकारले. जवळजवळ अकरा वर्षं! अशा लंबकाखाली वकिलानं अशिलाला सांगायचं तरी काय?

माझं म्हणणं वेगळंच आहे. याच मुदत कायद्याच्या परिशिष्टात अनुच्छेद ११२ आहे. सरकारला दावा लावायला मुदत ३० वर्षं. तुम्हाआम्हाला बहुतेक दाव्यांत तीन, फार तर बारा. म्हणजे सरकारला जादा वेळ लागतो हे कायदा करणाऱ्यांना ठाऊक होतं, आणि जिथं द्यायचा तिथं तो त्यांनी दिला. अपिलाला मात्र दिला नाही. मग जे संसदेनं दिलं नाही, ते अर्जागणिक का वाटायचं?

यावर उत्तर येतं की, आतल्याच कुणी समोरच्याशी संधान बांधून फाइल दाबली, तर भुर्दंड जनतेला का? रास्त आहे. १९८८च्या एका निकालात ही भीती बोलूनही दाखवली आहे. पण मग प्रतिज्ञापत्रात लिहा ना, फाइल कुणी दाबली आणि त्याच्यावर काय कारवाई केली. माझ्या हातून गेलेल्या एकाही अर्जात ते वाक्य नव्हतं.

आणि जनतेच्या पैशाचंच म्हणाल, तर ताबा घेतल्यावर वर्ष उलटलं की वाढीव मोबदल्यावर व्याज १५ टक्क्यांनी चढतं. १० लाखांवर वर्षाला दीड लाख. फाइल कपाटात झोपते, व्याज झोपत नाही.

तात्यांच्या थोरल्या भावाचं रान बांधाला बांध लागून. मोबदला ठरवणाऱ्या निवाड्याची नोटीस आली तेव्हा त्यांच्या पायाचं ऑपरेशन होतं. वाढीव मोबदल्यासाठी जुन्या भूसंपादन कायद्याच्या कलम १८ खालचा अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडं सहा आठवड्यांत द्यायचा, ते अकरा दिवस उशिरा गेले. अर्ज फेटाळला. तिथं मुदत कायद्याचं कलम ५ लागतच नव्हतं, कारण जिल्हाधिकारी म्हणजे न्यायालय नव्हे. दवाखान्याची कागदं दाखवायलाही जागा नव्हती.

तात्यांचा निकाल लागल्यावर त्याच्या आधारे तसाच वाढीव मोबदला मागायला त्याच कायद्याच्या कलम २८-अ खाली मी या भावाचा अर्ज दिला, तीन महिन्यांच्या मुदतीत, ७८व्या दिवशी. पोच माझ्याकडं आहे. त्या अर्जावर पेन्सिलीनं शेरा पडला, ‘शासनाचे अपील प्रलंबित, निकालानंतर पाहावे.’